खळमावशीचा राग

राग हेच आपलं सगळ्यात मोठं पाप आहे, असं खळमावशीला इतक्या जणांनी इतक्या वेळा सांगितलं होतं की शेवटी तिलाही ते पटलं होतं. आईने डोळे वटारून सांगितलं, सासूने टोमणे मारून सांगितलं, आणि चर्चमध्ये तीन पाळक बदलले तरी तिघांनीही हात जोडून तेच सांगितलं. बाईने बावन्नावं वर्ष गाठलं, केस पिकले, गुडघे कुरकुरायला लागले, पण नाकाच्या शेंड्यावरचा राग काही खाली उतरला नाही. भाजीवाल्याने सडका कांदा हळूच पिशवीत सरकवला, तर ती अख्खी पिशवी त्याच्याच पुढ्यात ओतून यायची. आणि मग घरी येऊन गुडघे टेकायची. "प्रभू, आज पुन्हा जीभ सुटली. क्षमा कर." देवाला तिचे कांदे तोंडपाठ झाले असतील.

खळमावशी हे नाव पडलं ते धुलाई कारखान्यात. लग्नानंतर चार वर्षांनी ती तिथे लागली ती खळ कालवायच्या टाकीवर. तिथून टॉवेलांवर, तिथून चादरींवर, आणि गेली अकरा वर्षं रुळावर. टाकी सुटली पण नाव चिकटलं, कारण खळ कापडातून निघाली तरी हिच्या मानेतून निघाली नाही, असं बायका म्हणायच्या. मुकादमाने "मावशी, जरा पटापट" म्हटलं तर "का, चादरींची गाडी चुकणार आहे?" असं उत्तर ठरलेलं.

रूळ म्हणजे काय, ते सांगायला हवं. शहरातल्या हॉटेलांच्या चादरी या कारखान्यात येत. धुऊन, पिळून झाल्या की त्या रुळावर जात. माणसाच्या उंचीचं लोखंडी यंत्र, आत वाफेने तापलेला जाडजूड रूळ, त्यावर घट्ट दाबून बसलेले दुसरे दोन. दोघी बायका चादरीची दोन टोकं धरून ती पुढे सरकवत, रूळ ती ओढून घेई आणि पलीकडून कडक, गरम, बिनसुरकुतीची चादर बाहेर पडे. बायकांची बोटं आणि रूळ यांच्या मध्ये एक आडवी काठी लोंबत असे. बोटं जास्त पुढे गेली की ती काठीला लागत, काठी हलली की रूळ जागच्या जागी थांबत. या काठीला सगळे आडकाठी म्हणत. ती बनवणाऱ्याने एकाच कामासाठी बनवली होती.

पण जाड पलंगपोसाची दुमडलेली किनारही त्या काठीला लागे. किनार लागली की रूळ थांबे, आणि तापलेल्या रुळावर थांबलेल्या कापडावर पिवळा डाग पडे. मालकाला डाग खपत नव्हते आणि थांबलेला रूळ तर त्याहून खपत नव्हता. म्हणून रोज सकाळी आठ वाजता, फाटक्या अभ्र्याची एक पट्टी घेऊन, ती आडकाठी वरच्या दांड्याला बांधून टाकायची, असा कारखान्याचा रिवाज होता. संध्याकाळी सोडायची. कुठे लिहिलेलं नव्हतं. मुकादमाने अकरा वर्षांपूर्वी एकदा तोंडाने सांगितलं, आणि रुळावरची सगळ्यात जुनी बाई म्हणून ती पट्टी खळमावशी बांधायची. दोन वेढे, एक गाठ. चहाचं आधण ठेवावं तितक्या सहज.

मालक हा तिच्याच मंडळीतला, चर्चच्या पंचांपैकी एक. भाकर आणि द्राक्षारस वाटतात त्या प्रभुभोजनाच्या मेजावरचं पांढरं कापड त्याच्याच कारखान्यात धुतलं जाई, आणि ते रुळावरून काढायचा मान खळमावशीचा. दर शनिवारी ती हात स्वच्छ धुऊन ते कापड लावायची. तेव्हाही आडकाठी बांधलेलीच असायची.

दर गुरुवारी संध्याकाळी सहा वाजता चर्चच्या मागच्या खोलीत मोठ्या माणसांचा वर्ग भरत असे. नव्या पाळकाने तो सुरू केला होता. विषय होता ख्रिस्ती नीतीचा पाया. पहिल्या आठवड्यात चाळीस जण आले, दुसऱ्या आठवड्यात सतरा. खळमावशी चुकली नाही. मालकही चुकत नसे, पहिल्या रांगेत बसे. एका गुरुवारी पाळकाने विचारलं, "चांगलं ते चांगलं कशामुळे? देवाने सांगितलं म्हणून ते चांगलं झालं, की ते चांगलं आहे म्हणून देवाने सांगितलं?"

लोक एकमेकांकडे बघू लागले. मालक म्हणाला, "एवढा घोळ कशाला, पाळकसाहेब? वरून हुकूम आला की पाळायचा. माझ्याकडे असंच चालतं."

सगळे हसले. खळमावशीही हसली.

पाळक हसला नाही. "देव हा मोठा मुकादम नव्हे," तो म्हणाला. "त्याचा स्वभावच प्रेम, म्हणून त्याच्या तोंडून निघतं ते प्रेमाचंच निघतं. माणसावर प्रेम नसलेला हुकूम कितीही उंचावरून येऊ दे, तो त्याचा नव्हे. आणि पाळणाऱ्यालाही 'मला सांगितलं होतं' एवढं म्हणून सुटता येत नाही. सदसद्विवेक दिलाय तो देव्हाऱ्यात ठेवायला नाही."

फार छान बोलले, असं म्हणत खळमावशी घरी गेली. दुसऱ्या दिवशी सकाळी आठ वाजता तिने आडकाठी बांधली.

त्यानंतरच्या मंगळवारी पावणेअकराला चिमणीचा उजवा हात रुळात गेला.

चिमणी म्हणजे रुळाचं दुसरं टोक धरणारी, तिशीच्या आतली पोरगी. तोंड बंद नसायचं म्हणून चिमणी. ती चर्चला जाणारी नव्हती, कुठेच जाणारी नव्हती. "रविवारी मी झोपेची पूजा करते," म्हणायची. त्या दिवशी ती सासूच्या नव्या चष्म्याबद्दल सांगत होती. म्हातारीला आता भिंतीवरची पाल दिसायला लागल्यामुळे घरात कसा हाहाकार उडालाय, ते. पलंगपोसाच्या किनारीला घडी पडली होती, ती सरळ करायला तिने बोटं पुढे केली. वाक्य अर्धंच राहिलं.

रूळ थांबवायचं लाल बटण भिंतीवर होतं, सहा पावलांवर. खळमावशी धावली. सहा पावलं! त्या सहा पावलांचा तिला पुढे आयुष्यभर राग राहिला. तिने बटण दाबलं, वळून पाहिलं, आणि जे पाहिलं ते तिला रुळातल्या हातापेक्षाही जास्त झोंबलं. मुकादम धावत आला होता. त्याने खिशातून कात्री काढली. आधी वर हात घालून पट्टी कापली, चुरगाळून खिशात टाकली, आडकाठी खाली सोडली. आणि मग चिमणीकडे वळला.

आधी पट्टी, मग हात.

तीन बोटं गेली. अंगठा आणि करंगळी राहिली.

बुधवारी दुपारी मुकादम एक कागद घेऊन चादरींच्या ढिगाऱ्यामागे आला. शुक्रवारी सकाळी कारखाने तपासणारी सरकारी बाई येणार होती. कागदावर लिहिलं होतं की आडकाठी नेहमीप्रमाणे खाली होती, यंत्र ठीक होतं, आणि जखमी कामगार बोलण्याच्या नादात निष्काळजीपणे वागली. खाली नऊ सह्या झाल्या होत्या.

"मावशी, तुमचीच राहिलीय."

"राहू दे."

"असं कसं? सगळ्यात जुन्या तुम्ही. ती बाई आधी तुम्हालाच विचारणार."

"म्हणूनच राहू दे म्हटलं."

मुकादमाने इकडेतिकडे पाहिलं, आवाज खाली आणला. "हे बघा, खाल्ल्या घरचे वासे मोजू नयेत. मालक काय वाईट माणूस आहे का? झालं ते झालं. झाकली मूठ सव्वा लाखाची."

"झाकायला मूठ राहिलीय कुठे तिची?" खळमावशी एवढ्या मोठ्याने म्हणाली की पिळायच्या यंत्रावरच्या बायकांनीही माना वळवल्या. "मुकादम, सही करायला बोटं लागतात हो. तिच्याकडून घ्या जमलं तर!"

मुकादमाने कागदाची घडी घातली. जाता जाता म्हणाला, "पट्टी कोणाच्या हातची होती, तेवढं घरी जाऊन आठवा म्हणजे झालं."

तिच्या तळपायाची आग मस्तकात गेली. रस्ताभर ती मनातल्या मनात मुकादमाला बोलत होती, मालकाला बोलत होती, नऊ सह्या करणाऱ्या नऊ जणींना एकेकीचं नाव घेऊन बोलत होती. घरी नवरा खिडकीशी बसून डोळ्याला भिंग लावून कुणाचं तरी मनगटी घड्याळ उघडून बसला होता. तोच त्याचा धंदा. तिने पिशवी आपटली आणि सगळं सांगितलं. चोराच्या उलट्या बोंबा, वर मलाच धमकी, काय समजतो कोण स्वतःला!

नवऱ्याने ऐकून घेतलं. भिंग न काढता विचारलं, "पण पट्टी कोणी बांधली होती?"

"म्हणजे काय? मुकादमाने सांगितलेलं आहे. अकरा वर्षांपासूनचं आहे ते."

"सांगितलं त्याने. बांधली कोणी?"

"तुम्ही कोणाच्या बाजूचे आहात?"

"मी घड्याळाच्या बाजूचा," तो म्हणाला. "त्यात एकच चाक वाईट असलं तरी वेळ चुकते. ते कोणत्या कारागिराने बसवलं, ते नंतर बघायचं."

तिने त्याच्या अंगावर हातातला रुमाल फेकला आणि आतल्या खोलीत जाऊन दार लावलं. त्याच्यावर ती इतकी चिडली होती की गुडघे टेकले तरी शब्द येईना. रोजची प्रार्थना सुरू केली. आज जीभ सुटली, त्याबद्दल क्षमा. शेजारणीचं नवं कपाट बघून पोटात दुखलं, त्याबद्दल क्षमा. आणि तिथेच ती थांबली. अकरा वर्षं! अकरा वर्षं ती रोज संध्याकाळी देवापुढे आपली पापं ओळीने मांडत होती. कांदे, कपाट, सासूला मनातल्या मनात दिलेली शिवी. काही म्हणून सोडलं नव्हतं. तांदळातले खडे निवडावेत तशी निवडून निवडून ठेवली होती. आणि रोज सकाळी आठ वाजता दुसऱ्या बाईच्या बोटांपुढची काठी आपल्या हाताने बांधत होती, ते एकदाही त्या यादीत आलं नव्हतं. विसरली म्हणून नव्हे. ते पाप आहे असं तिला वाटलंच नव्हतं. ते काम होतं.

मग ती स्वतःवर जी चिडली, तशी ती कधी कुणा भाजीवाल्यावरही चिडली नव्हती. एवढा चाळणीतून गाळलेला सदसद्विवेक, त्यात शास्त्रातल्यासारखी चिलटं तेवढी अडकली, आणि उंट बरोबर पलीकडे गेला!

गुरुवारी दुपारी ती इस्पितळात गेली. चिमणी खाटेवर बसली होती, हात पांढऱ्या पट्ट्यांमध्ये गुंडाळून छातीशी धरलेला. उशाशी सफरचंदांची पिशवी होती.

"मुकादम ठेवून गेला," चिमणी म्हणाली. "म्हणे सगळ्यांनी लिहून दिलंय की मी बोलत होते म्हणून झालं. मावशी, बोलल्याने बोटं तुटतात का गं? तसं असतं तर तुझे हात, पाय, कान, काहीच शिल्लक राहिलं नसतं."

खळमावशीला हसू आलं नाही. "पट्टी मी बांधली होती," ती म्हणाली.

चिमणी गप्प झाली. ती गप्प झालेली खळमावशीने पहिल्यांदाच पाहिली.

"माहितीये," थोड्या वेळाने ती म्हणाली. "मी काय आंधळी आहे? रोज समोर उभी असायचे."

"मला क्षमा कर."

"नाही."

खळमावशीने मान वर केली.

"अशी बघू नकोस. नाही करणार. निदान आज तरी नाही," चिमणी म्हणाली. तिचा आवाज चढला, शेजारच्या खाटेवरच्या बाईने कूस बदलली. "ठणका लागला ना, की मला एकेकाची तोंडं दिसतात. मालकाचं दिसतं, त्या मुकादम्याचं दिसतं, तुझंही दिसतं. तुझं जास्तच दिसतं, कारण तू मला आवडतेस. आणि हे बघ, इथे येऊन माझ्याजवळ रडून काय होणार? मी काय उद्या जाऊन काठी खाली करणार आहे? माझ्या जागी कालच कोणाला तरी उभं केलंय म्हणे. काठी खाली आहे का तिथे?"

काठी खाली नव्हती. तपासणी शुक्रवारी होती, पलंगपोस बुधवारचे होते. बुधवारी सकाळी पट्टी मुकादमाने स्वतः बांधली होती.

"मग जिथे सांगायचं तिथे सांग," चिमणी म्हणाली. "माझ्या क्षमेचं माझं मी बघते. आणि ती सफरचंदं घेऊन जा, मला नकोत. नको, राहू दे. सासूला आवडतात."

त्या संध्याकाळी चर्चच्या मागच्या खोलीत सतराच्या जागी तीस माणसं होती. बातमी सगळीकडे गेली होती. मालक पहिल्या रांगेत, मान खाली. पाळकाने फळ्यावर विषय लिहिला होता: क्षमा. मागच्या आठवड्यात ठरलेला विषय वेगळाच होता.

पाळक वाईट माणूस नव्हता. आजाऱ्यांकडे पायी जायचा, गरिबाघरी बसून पाणी प्यायचा. पण पंचांनी बोलावून सांगितलं की त्याची मान नकळत हलायची. तो हळू आवाजात बोलू लागला. आपल्या मंडळीतल्या एका भावावर कठीण प्रसंग आलाय. अशा वेळी कुणावर बोटं रोखू नयेत. राग मनात धरणारा स्वतःलाच जाळतो. प्रभूने वधस्तंभावरूनही क्षमा केली, मग आपण कोण?

"पाळकसाहेब," मागून आवाज आला, "एक विचारू?"

लोकांनी न वळताच ओळखलं.

"विचारा, ताई."

"आपण क्षमा कोणाला करायची म्हणता?"

"जो चुकला असेल त्याला."

"आणि करायची कोणी?"

"आपण सगळ्यांनी."

"का? आपली बोटं गेलीत?" खळमावशी उभी राहिली. "माझी दहा शाबूत आहेत. तुमचीही दिसताहेत. मालकांची तर अंगठीसकट आहेत. जिची गेली ती इस्पितळात पडलीय, आणि आपण तीस जण इथे पंख्याखाली बसून तिच्या वतीने क्षमा वाटतोय! दुसऱ्याच्या ताटातलं उचलून दानधर्म केल्यासारखं झालं हे. प्रभूने क्षमा केली ती त्याच्या स्वतःच्या हातात खिळे होते तेव्हा. दुसऱ्याच्या हातात खिळे ठोकून 'झालं गेलं विसरा' म्हणाला नाही तो!"

कोणीतरी "मावशी, मावशी" म्हणत तिचा पदर ओढला. तिने तो झटकला.

मालक उभा राहिला. चेहरा खरंच उतरलेला होता. "मावशी, मी काय दगड आहे का? मंगळवारपासून माझ्या घशाखाली घास नाही. रोज देवाजवळ जातो मी."

"तिच्याजवळ गेलात?"

"वकिलाने नको म्हटलंय."

"बरं झालं, देवाजवळ जायला तरी वकिलाने परवानगी दिली!"

मागे कोणीतरी हसलं आणि लगेच खोकलं. मालकाच्या चेहऱ्यावरचा उतरलेला रंग परत आला, जरा जास्तच. "मावशी, उद्या तोंड उघडायच्या आधी विचार करा. मी पट्टीला हातसुद्धा लावलेला नाही. मला ती कधी कशी बांधतात, तेही माहीत नाही. बांधणारे हात कोणाचे, ते अख्ख्या कारखान्याला माहीत आहे."

"माझे," खळमावशी म्हणाली.

तिचा पदर ओढणारा हात मागे गेला.

"माझेच. अकरा वर्षं, रोज. मंगळवारीही. मला सांगितलं होतं म्हणून बांधली. आणि मागच्या गुरुवारी हे पाळकसाहेब इथे उभं राहून म्हणाले की देव मुकादम नाही आणि 'मला सांगितलं होतं' म्हणून कोणी सुटत नाही, तेव्हा मी मान डोलावत होते. तुम्ही पण डोलावत होतात, मालक! आपल्या दोघांच्याही माना हलत होत्या आणि काठी तिकडे बांधलेली होती. पाळकसाहेब, खोटी साक्ष देऊ नये ही आज्ञा आहे ना? का पंचांसाठी सूट आहे?"

पाळकाने खडू खाली ठेवला.

"ताई," पुढच्या रांगेतली एक म्हातारी कळवळून म्हणाली, "राग आवर गं. राग पाप आहे."

"असेल," खळमावशी म्हणाली. "लहानपणापासून ऐकतेय, आजी. त्याचा जाब मी देवाला देईन. पण कालपासून माझ्यात एवढी एकच गोष्ट खरं बोलतेय. प्रार्थना बोलली नाही, वर्ग बोलला नाही, अकरा वर्षांची भक्ती बोलली नाही. राग बोलला. हा नसता तर कागदावर दहावी सही माझी असती."

ती निघाली. पायऱ्यांवर पाळकाने तिला गाठलं. "ताई, माझी अडचण तुम्ही समजून..."

"उद्या नऊ वाजता ती बाई येणार आहे. तुमची नीती घेऊन तिथे या. इथे फळ्यावर ती बरी दिसते, पण तिथे कामाची आहे."

शुक्रवारी पाळक आला. पण फाटकाशीच उभा राहिला, आत आला नाही. खळमावशीला ते लागलं. ही क्षमा मात्र आपल्या हातातली आहे, असं तिने मनाशी ठरवलं, आणि ती एवढ्यात द्यायची नाही, असंही.

तपासणीची बाई चाळिशीची, सर्दीने नाक लाल झालेली, हातात वही. तिने कागद वाचला, सह्या मोजल्या, खाली सोडलेली आडकाठी हलवून पाहिली. रूळ थांबले. मुकादम म्हणाला, "बघा, एकदम ठणठणीत."

"ती वर बांधलेली असते," खळमावशी म्हणाली.

"मावशीचं मन थाऱ्यावर नाही, बाई. दोघींची फार मैत्री होती."

"नऊ जणींनी खाली होती म्हणून लिहिलंय," तपासणीची बाई म्हणाली. "तुम्ही एकट्या वेगळं म्हणताय."

खळमावशीने फाटक्या कपड्यांच्या टोपलीतून एक अभ्रा उचलला, दातांनी किनार तोडली, टर्रकन पट्टी फाडली. आडकाठी उचलली, दोन वेढे, एक गाठ. वर पाहिलंसुद्धा नाही. हात आपले आपण चालले. सगळं मिळून एक श्वास घ्यावा एवढा वेळ. बांधून झाल्यावर तिला स्वतःच्याच हातांची शिसारी आली.

तपासणीची बाई पुढे झाली. चष्मा कपाळावर ढकलून तिने पट्टी जरा बाजूला केली आणि वरच्या दांड्याकडे निरखून पाहिलं. सगळा दांडा हिरव्या रंगाचा होता. पट्टी बसली होती तेवढ्याच दोन बोटं जागेत रंग उडून लोखंड चकचकीत झालं होतं. रोज घासल्याशिवाय लोखंड असं चमकत नाही, हे तिला कोणी सांगावं लागलं नाही.

"हे तुम्हीच करत होतात?"

"हो."

"लिहून द्याल? तुमच्यावरही येईल."

"यायलाच हवं. लिहा."

ती बोलत असताना नऊ जणी चादरींच्या घड्या घालत होत्या. एकीनेही मान वर केली नाही. मग त्यांच्यातलीच टॉवेलांवरची एक बाई, जिचं खळमावशीशी गेली सहा वर्षं बोलणं नव्हतं, घडी हातात धरूनच म्हणाली, "खरं आहे. बांधलेलीच असते. माझी सही खोडा." आणि खळमावशीकडे बघून तिखटपणे म्हणाली, "तुझ्यासाठी नाही म्हटलं मी. उगाच फुगू नकोस."

यंत्राला सील लागलं. दुपारी मुकादमाने येऊन सांगितलं की सोमवारपासून मावशीने यायचं कारण नाही. "हात दाखवून अवलक्षण," तो म्हणाला. तिने त्यावर काही उत्तर दिलं नाही. लोक म्हणतात, तिने उत्तर दिलं नाही असं तेवढं एकदाच घडलं.

त्या रविवारी प्रभुभोजन होतं. खळमावशी नेहमीच्या बाकावर बसली. बाकावर तिच्या दोन्ही बाजूंना जागाच जागा होती. नवरा तेवढा शेजारी होता, तोही घड्याळ बघत. लोक मेजाकडे जायला उठले तशी तीही उठली. मधल्या वाटेत आली आणि थांबली. प्रभूने स्वच्छ सांगून ठेवलं आहे की माझ्यापाशी येताना आठवलं, कुणाच्या मनात तुझ्याबद्दल काही आहे, तर हातातलं तिथेच ठेव, आधी तिकडे जा. ती हे वाक्य शंभरदा ऐकत आली होती. तिला नेहमी वाटायचं, हे भांडखोर जावाजावांसाठी आहे.

ती वळली आणि सगळ्यांसमोरून दारातून बाहेर पडली. नवऱ्याला वाटलं, पुन्हा कोणावर तरी भडकली.

चिमणीला आदल्या दिवशी घरी सोडलं होतं. दोन खोल्यांचं घर, मोरीत भांड्यांचा ढीग, सासू चष्मा लावून भिंतीकडे संशयाने बघत बसलेली. चिमणी डाव्या हाताने वेणी घालायचा प्रयत्न करत होती आणि प्रत्येक पेडाला एक शिवी देत होती.

"आज नको मागूस," तिने मावशीला दारातच सांगितलं. "माझं डोकं तापलंय."

"नाही मागत."

"मग कशाला आलीस?"

"माझंही तापलंय."

चिमणीने तिला वरपासून खालपर्यंत बघून घेतलं. मग कंगवा तिच्याकडे फेकला. "घट्ट घाल. आणि बोलू नकोस. साक्ष दिलीस ते कळलंय मला, ते पुन्हा सांगत बसू नकोस. झालं की ती भांडी घास."

खळमावशीने तिची वेणी घातली, घट्ट. मग पदर खोचून मोरीत बसली. चिमणीने खोलीतून ओरडून सांगितलं की कढईचं बूड नीट निघत नाहीये, मागच्या वेळी कोणी घासली होती कोणास ठाऊक. सासू म्हणाली, "मीच घासली होती." चिमणी म्हणाली, "मग चष्म्याचा उपयोग काय झाला?"

कढईचं बूड निघायला बराच वेळ लागला. खळमावशी उठली तेव्हा चिमणी म्हणाली, "उद्या कामाला जायचं नाहीये ना तुला?"

"नाही."

"मग सकाळी ये. आठ वाजता. अजून क्षमा केलेली नाही मी, हे ध्यानात ठेवून ये."

"ठेवते," खळमावशी म्हणाली आणि चपला पायात सरकवल्या.